जिनिव्हाच्या पोटातलं पाणी: दोन देश, एक जलधर आणि हिशेबाची वही

जिनिव्हा शहराच्या पश्चिम टोकाला दोन नद्यांचा संगम आहे. लेमाँ सरोवरातून निघालेली ऱ्होन तिथवर निळीहिरवी, नितळ येते. डावीकडून येऊन मिळणारी आर्व मात्र राख कालवल्यासारखी करडी असते, कारण माँ ब्लाँच्या हिमनद्यांनी दळलेलं खडकाचं पीठ ती सोबत घेऊन येते. एकत्र आल्यावरही दोघींचे रंग लवकर मिसळत नाहीत. पुलावरून खाली पाहिलं की पात्राच्या मधोमध शिवण घातल्यासारखी रेघ दिसते. लोक ती रेघ बघायला येतात. भूजलाचं काम करणाऱ्याला मात्र या दोघींपैकी करडी आर्व जास्त जवळची वाटते. शहराच्या दक्षिणेला जमिनीखाली वाळू-गोट्यांत जे पाणी साठतं, ते मुख्यतः तिच्याच पात्रातून झिरपलेलं असतं. आणि तो साठा एका देशात मावत नाही, त्याचा काही भाग फ्रान्सखाली आहे.

त्या साठ्याचं हे प्रकरण. उपसा, पुनर्भरण, गुणवत्ता आणि खर्च या चारही बाजू एका करारात बांधून दोन देशांकडच्या लोकांनी भूजल खरोखर मिळून सांभाळलं, अशी उदाहरणं जगात बोटांवर मोजण्याइतकी आहेत. हे त्यांतलं सर्वांत जुन्यांपैकी एक, १९७८ सालचं. याचं कौतुक बहुतेकदा ‘शेजाऱ्यांमधलं सहकार्य’ म्हणून होतं. मला त्यातली हिशेबाची वही जास्त मोलाची वाटते. हा लेख त्या वहीबद्दलच आहे.

जमिनीखालची रचना

हा जलधर, म्हणजे जमिनीखाली पाणी धरून ठेवणारा थर, लांबीला साधारण १९ किलोमीटर आणि रुंदीला एक ते साडेतीन किलोमीटर आहे. सरोवराच्या दक्षिण टोकापासून तो जिनिव्हाच्या खालच्या अंगाला ऱ्होनपर्यंत पसरलेला आहे. हिमनद्या आणि त्यांच्या वितळलेल्या पाण्याने आणून टाकलेली वाळू आणि गोटे, त्याखाली न झिरपणारा जुना खडक, आणि बऱ्याच भागात वरून चिकणमातीचं झाकण. झाकणामुळे पावसाचं पाणी थेट आत फारसं उतरत नाही. जे उतरतं ते मुख्यतः आर्वच्या पात्रातून, जिथे नदी थेट त्या गोट्यांवरून वाहते तिथे.

नैसर्गिक पुनर्भरण वर्षाला सरासरी साडेसात दलघमी, म्हणजे पंच्याहत्तर लाख घनमीटर. आपल्या सवयीच्या मापात सांगायचं तर पाव टीएमसीच्या जरासं वर. आपल्याकडचा एखादा लघुप्रकल्पही याहून मोठा असू शकतो. एवढ्याशा पाण्यासाठी दोन देशांनी करार करावा, याचं आधी आश्चर्य वाटतं. पण ते पाणी पिण्याचं आहे. जिनिव्हाचं सुमारे ८० टक्के पिण्याचं पाणी सरोवरातून येतं आणि उरलेलं बहुतांश या जलधरातून. सरोवरावर काही संकट आलं तर शहराकडे दुसरी वाट राहते ती हीच.

सीमेचा प्रकारही जरा समजून घ्यायला हवा. जिनिव्हा कँटनची, म्हणजे जिनिव्हाच्या स्विस प्रांताची, शंभर किलोमीटरहून जास्त सीमा फ्रान्सला लागून आहे. उरलेल्या स्वित्झर्लंडशी त्याला जोडणारी पट्टी जेमतेम साडेचार किलोमीटरची. हजारो माणसं रोज सकाळी फ्रान्समधून कामाला येतात आणि संध्याकाळी घरी परततात. वरच्या जगात सीमा अशी रोज ओलांडली जाते. खालच्या पाण्याला तर ती माहीतच नाही.

पाणी कसं खाली गेलं

१९४० पासून इथून पिण्यासाठी उपसा सुरू झाला. पहिली वीस वर्षं तो निसर्ग जेवढं भरून देतो त्याच्या आसपास राहिला. १९६० नंतर शहर वाढलं, सीमेपलीकडे आनमास आणि सँ-ज्युलियाँच्या आसपासची गावंही वाढली, आणि दोन्हीकडचे पंप जास्त तास चालू लागले. १९७१ साली उपसा १४ दलघमीवर गेला, म्हणजे पुनर्भरणाच्या जवळपास दुप्पट. वीस वर्षांत पातळी सात मीटरहून जास्त खाली गेली आणि साठ्याचा सुमारे एक तृतीयांश भाग संपला. काही विहिरी बंद कराव्या लागल्या.

विहिरीला पाणी कमी लागायला लागलं की माणूस आधी खोली वाढवतो, मग पंप मोठा करतो. शेजाऱ्याकडे तो सगळ्यात शेवटी जातो. कारणही सरळ आहे. मी उपसा थांबवला तर माझ्या वाटचं पाणी शेजाऱ्याच्या पंपाकडे सरकतं, म्हणजे बचत मी करायची आणि फायदा त्याचा. धरणात निदान पाणी दिसतं, भिंतीवर पातळीच्या रेघा असतात. भूजलात हे काहीच दिसत नाही. दोन्ही बाजूंनी नोंदी ठेवल्या नाहीत तर वाद कशावर करायचा, हेसुद्धा ठरवता येत नाही.

जिनिव्हापुढे दोन वाटा होत्या. एक, सरोवराचं पाणी शुद्ध करणारी नवी मोठी यंत्रणा उभी करायची. दुसरी, आर्वचं पाणी उचलून, गाळून, जमिनीत सोडायचं आणि जलधर पुन्हा भरायचा. दुसरी वाट स्वस्त होती, आणि साठवणीसाठी टाकी बांधायची गरजच नव्हती, निसर्गाने ती आधीच बांधून ठेवली होती. अडचण एकच, आणि या सगळ्या प्रकरणाची गाठ तिथेच आहे. जिनिव्हाने पैसा घालून जमिनीत पाणी मुरवायचं, आणि ते सीमेपलीकडच्या विहिरींनी फुकट उपसायचं?

म्हणजे करार सुचला तो टंचाईपेक्षा जास्त या प्रश्नामुळे. माझ्या मते नैसर्गिक पाणी वाटून घेणं फार अवघड असतं, कारण ते कुणी आणलेलं नसतं आणि त्यावर सगळ्यांचाच दावा असतो. माणसाने मुरवलेल्या पाण्याला मात्र खर्च असतो, तारीख असते, मोजमाप असतं. त्याची वही लिहिता येते. आणि त्याची वही लिहायला घेतली की नैसर्गिक पाण्याचीही लिहावीच लागते, कारण जमिनीखाली दोन्ही एकच झालेली असतात.

करारात काय होतं

९ जून १९७८ रोजी जिनिव्हा कँटनचं सरकार आणि फ्रान्सच्या ओत-साव्वा जिल्ह्याचे प्रीफे, म्हणजे पॅरिसने नेमलेले जिल्ह्याचे प्रमुख अधिकारी, यांच्यात करार झाला. त्याच वर्षीच्या १ जानेवारीपासून तो लागू धरला. मुदत तीस वर्षं. बर्न किंवा पॅरिस इथल्या केंद्र सरकारांपैकी कुणी थेट सही करणारं नव्हतं. पाणी ज्यांच्या नळाला येणार होतं, त्यांच्या पातळीवरच तो झाला.

देखरेखीसाठी आयोग नेमला तो सहा जणांचा, प्रत्येक बाजूचे तीन. प्रत्येक तिघांपैकी दोघं पाण्याचे तांत्रिक जाणकार असलेच पाहिजेत, अशी अट होती. मला ही अट फार शहाणपणाची वाटते. ज्या बैठकीत पातळीचा आलेख वाचता येणारी माणसं बहुमतात असतात, तिथे भांडण मोजमापावर होतं, आणि मोजमापावरचं भांडण संपतं तरी. आयोगाने दरवर्षी उपशाचा कार्यक्रम सुचवायचा, विहिरींची यादी ठेवायची, नवीन विहीर किंवा पंपाबद्दल मत द्यायचं. प्रत्येक विहिरीवर मीटर हवा. पातळीची नोंद हवी. पाण्याच्या नमुन्यांची तपासणी ठरलेल्या पद्धतीने व्हायला हवी. आणि अपघाताने प्रदूषण झालं तर दुसऱ्या बाजूला तातडीने कळवायची व्यवस्था हवी.

पुनर्भरण केंद्र जिनिव्हाने स्वतःच्या खर्चाने बांधायचं, मालकीही तिचीच आणि चालवायचं काम तिचंच. फ्रान्सच्या बाजूने वर्षाला जास्तीत जास्त ५ दलघमी उपसा करायचा. त्यातले पहिले २ दलघमी मोफत. त्यावर जेवढं घेतील तेवढ्याच्या प्रमाणात पुनर्भरणाच्या खर्चात हिस्सा द्यायचा.

हे मोफत दोन दलघमी म्हणजे या कराराचं जोतं आहे, असं मी म्हणेन. फ्रेंच गावं आधीपासून हे पाणी वापरत होती. त्यांना ‘आता तुमच्या जमिनीखालच्या पाण्याचेही पैसे मोजा’ असं सांगितलं असतं तर पहिल्याच बैठकीत चर्चा संपली असती. जिनिव्हाने त्यांचा जुना हक्क आकड्यात मान्य केला आणि मगच पुढच्या थेंबाची किंमत लावली. यात जिनिव्हाच्या खिशाला जास्त झळ बसली, हे खरं. पण जास्त गरज तिची होती, जास्त पैसाही तिच्याकडे होता, आणि जलधराचा मोठा भाग तिच्याच बाजूला होता. समान वाटा मागून बसली असती, तर पाणी खाली जात राहिलं असतं. समानता आणि न्याय यांत फरक असतो, हे पाण्याच्या वाटपात फार लवकर कळतं.

वेसी इथलं केंद्र

आर्वच्या काठी वेसी इथे १९८० साली पुनर्भरण केंद्र सुरू झालं. काम दिसायला साधं आहे. नदीचं पाणी घ्यायचं, त्यातला गाळ बसू द्यायचा, पाणी गाळायचं, आणि मग जमिनीखाली पुरलेल्या, भोकं पाडलेल्या सुमारे पाच किलोमीटर लांबीच्या नळ्यांमधून हळूहळू मुरू द्यायचं. वरून चालणाऱ्याला पायाखाली काही चाललंय याचा पत्ताही लागत नाही.

खरी कसोटी गाळाची. ज्यांनी पुनर्भरणाचं काम केलंय त्यांना हे ठाऊक असतं. पाणी मुरतं ते पोकळ्यांमधून, आणि त्या पोकळ्या बारीक मातीने एकदा बुजल्या की पाणी वरच तुंबतं. आर्वमधलं हिमनदीचं पीठ इतकं बारीक असतं की ग्लासात घेऊन ठेवलं तरी पाणी कितीतरी वेळ धूसरच राहतं. ते जसंच्या तसं जमिनीत सोडलं असतं, तर गोट्यांच्या फटी बुजत गेल्या असत्या. म्हणून आधी निवळायचं, मग गाळायचं, आणि मगच मुरवायचं. आपल्याकडे विहीर पुनर्भरण करताना ओढ्याचं गढूळ पाणी थेट विहिरीत सोडू नका, आधी गाळणखड्डा करा, असं सांगतात, त्याचंच हे मोठं आणि काटेकोर रूप.

गुणवत्तेची दुसरी बाजू याहून नाजूक आहे. आर्वचा शंभरएक किलोमीटरचा प्रवास जवळपास सगळा फ्रान्समधून होतो. शामोनी गावाच्या वरच्या हिमनद्यांपासून निघून ती क्ल्यूझच्या खोऱ्यातून खाली येते, आणि हे खोरं धातूचे बारीक सुटे भाग कातून काढणाऱ्या कारखान्यांसाठी फ्रान्सभर प्रसिद्ध आहे. अशा कामात तेलं लागतात, विद्रावकं लागतात, धातूचा बारीक कीस उरतो. म्हणजे जिनिव्हा ज्या पाण्याने आपला जलधर भरते, ते पाणी शेजारी देशाच्या कारखान्यांच्या दारावरून येतं. आणि भरलेला जलधर पुन्हा त्याच शेजाऱ्याच्या विहिरींना पाणी पुरवतो. गढूळपणा वाढला किंवा पाण्यात काही संशयास्पद आढळलं, की केंद्राने नदीतून पाणी घेणं थांबवायचं, हा नियम त्यातूनच आला.

पृष्ठभागावरच्या नदीत घाण आली तर चार दिवसांत वाहून जाते. भूजलात शिरलेली घाण वर्षानुवर्षं तिथेच राहते, गोट्यांमधून कूर्मगतीने सरकते, आणि एका विहिरीतून दुसऱ्या विहिरीत जाते. म्हणून भूजलाच्या करारात ‘किती पाणी’ या कलमाइतकंच ‘कसलं पाणी’ आणि ‘बिघडलं तर कोण कुणाला किती तासांत कळवणार’ ही कलमं महत्त्वाची असतात. पाणीवाटपाच्या बहुतेक चर्चांमध्ये मला हीच बाजू लंगडी दिसते. सगळे आकड्यावर भांडतात आणि चवीचा प्रश्न पुढच्या पिढीवर ढकलतात.

पुढे काय झालं

केंद्र सुरू झाल्यावर सुरुवातीच्या दशकांत वर्षाला साधारण ८ ते १० दलघमी पाणी मुरवलं गेलं, म्हणजे निसर्ग देतो तेवढंच किंवा थोडं जास्तच. पातळी सावरली. जिथे सात मीटर खड्डा पडला होता, तिथे पाणी पुन्हा वर आलं.

तीस वर्षांची मुदत संपली तेव्हा दोन्ही बाजू पुन्हा बसल्या. १८ डिसेंबर २००७ रोजी नवा करार झाला आणि १ जानेवारी २००८ पासून आणखी तीस वर्षांसाठी लागू झाला. या वेळी फ्रान्सच्या बाजूने प्रीफेच्या सहीऐवजी स्थानिक संस्थांनीच सह्या केल्या: आनमास परिसरातल्या गावांचा समूह, जेनेव्हुआ भागातल्या गावांचा समूह आणि विरी हे गाव. हे शक्य झालं ते मधल्या काळात कायदा बदलल्यामुळे. सीमेवरच्या स्थानिक संस्थांना एकमेकींशी थेट करार करता यावा म्हणून फ्रान्स, जर्मनी, लक्झेंबर्ग आणि स्वित्झर्लंड यांनी १९९६ साली कार्ल्सरुहे इथे करार केला होता. त्याचा आधार घेऊन गावांनी आपली सही आपणच केली. ज्या विहिरीचं पाणी आटणार ती विहीर ज्याची, त्याचीच सही कागदावर असणं ही किरकोळ गोष्ट नाही.

याच सुमारास, ११ डिसेंबर २००८ रोजी, संयुक्त राष्ट्रांच्या आमसभेने सीमापार जलधरांच्या कायद्याचा १९ कलमांचा मसुदा ठरावाला जोडून देशांपुढे ठेवला. तो बंधनकारक नाही. तुलनेला दक्षिण अमेरिकेतला ग्वारानी जलधर घ्या. अर्जेंटिना, ब्राझील, पॅराग्वे आणि उरुग्वे या चार देशांखाली पसरलेला, दहा लाख चौरस किलोमीटरहून मोठा. त्याच्या करारावर चारही देशांनी २०१० साली सह्या केल्या, आणि तो अमलात यायला २०२० साल उजाडलं. त्या मानाने जिनिव्हाचा जलधर एखाद्या तालुक्याच्या कोपऱ्यात मावेल एवढा. लहानपणाचा त्याला मोठाच फायदा झाला.

आपल्या बाजूने पाहताना

कृष्णेच्या पाण्याचं वाटप करणाऱ्या बच्छावत लवादाचं नाव महाराष्ट्रात शेतकऱ्याच्या तोंडी असतं. त्याच्या अंतिम आदेशात एक कलम आहे, ज्याची चर्चा फारशी होत नाही. कुठल्याही राज्याने केलेला भूजलाचा वापर हा कृष्णा नदीच्या पाण्याचा वापर म्हणून धरला जाणार नाही, असं लवादाने १९७६ साली स्पष्ट म्हटलं. त्या वेळी मोजमापाची साधनं आणि बोअरची संख्या पाहता ते समजण्यासारखं आहे. पण परिणाम असा की राज्याराज्यांमधल्या पाण्याच्या वहीत जमिनीखालच्या पाण्याचा रकानाच उरला नाही. आणि त्यानंतरच्या पन्नास वर्षांत आपली शेती जमिनीखालच्या पाण्याकडेच सरकत गेली.

जिनिव्हाच्या गोष्टीशी खरं नातं सांगणारी जागा मात्र उत्तरेला आहे. सातपुड्याच्या पायथ्याशी, मध्य प्रदेशातल्या बुऱ्हाणपूरपासून जळगाव जिल्ह्यातल्या रावेर, यावल, चोपड्यापर्यंत दगडगोट्यांचा आणि वाळूचा जाड पट्टा आहे, ज्याला भूजलवाले बझाडा म्हणतात. सुकी, मोर यांसारख्या नद्या डोंगरातून उतरताना त्याला पाणी पाजतात. केळीने तो पट्टा समृद्ध केला आणि केळीच्याच तहानेने पाणी खोल गेलं. १० मे २०२५ रोजी भोपाळमध्ये दोन्ही राज्यांनी तापी बेसिन मेगा रिचार्ज योजनेच्या सामंजस्य करारावर सह्या केल्या. सुमारे ३१ टीएमसी पाण्याची ही योजना. त्यातलं ११.७६ टीएमसी मध्य प्रदेशाच्या आणि १९.३६ टीएमसी महाराष्ट्राच्या वाट्याचं. नदीचं पाणी वळवून, कालव्यांनी नेऊन, पायथ्याच्या गोट्यांत मुरवायचं. नदीचं पाणी, गोट्यांचा जलधर, मध्ये सीमा, आणि पुनर्भरण. वेसीचंच चित्र, फक्त सुमारे शंभर पट मोठं.

फरकही तेवढाच मोठा आहे. जिनिव्हात पाणी उपसणाऱ्या विहिरी पंधराच्या आसपास, आणि त्या सगळ्या सार्वजनिक पाणीपुरवठ्याच्या. प्रत्येकीवर मीटर लावायला एक दुपार पुरेल. रावेर-यावलमध्ये दर शेताला बोअर आहे आणि १८८२च्या इझमेंट कायद्याच्या छायेत आजही जमीन ज्याची, पाणी त्याचं असंच मानलं जातं. महाराष्ट्राचा २००९चा भूजल अधिनियम कागदावर वेगळं म्हणतो, पण बांधावर अजून जुनाच कायदा चालतो. तेव्हा फ्रेंच गावांसारखी ‘दोन मोफत, पुढचे पैसे’ अशी आकारणी इथे उचलून आणता येणार नाही, आणि कुणी आणूही नये.

आणता येईल ती वहीची सुरुवात. आपल्याकडे भूजल सर्वेक्षण आणि विकास यंत्रणा निरीक्षण विहिरींची पातळी वर्षातून चार वेळा मोजते: ऑक्टोबर, जानेवारी, मार्च आणि मे. टेपच्या टोकाला खडू फासायचा, विहिरीत सोडायचा, वर ओढायचा, आणि खडू जिथे ओला होऊन काळपट दिसतो तो आकडा लिहून घ्यायचा. पाच मिनिटांचं काम. बुऱ्हाणपूरच्या बाजूलाही अशा विहिरी आहेत. त्या दोन्ही नोंदी एकाच तारखेला, एकाच पद्धतीने घेतलेल्या आणि एका टेबलावर आलेल्या असाव्यात, आणि नुसत्या पातळीच्याच नव्हे. केळीच्या बागांमधून खतांचं नायट्रेट खाली उतरतं. ते आज किती आहे हे पुनर्भरणापूर्वी लिहून ठेवलं नाही, तर नंतर पाण्यात काही सापडल्यावर ते कालव्यातून आलं की आधीपासूनच होतं, याचं उत्तर कुणीच देऊ शकणार नाही. आणि दोन राज्यांमध्ये त्यावरून जो वाद होईल तो मोजमापावरचा नसेल.

जिनिव्हाकडे वेसीचं केंद्र सुरू होण्याआधीच्या दशकांतल्या पातळ्यांची नोंद होती. सात मीटर खाली गेली, एक तृतीयांश साठा संपला, हे वाक्य आज आपण लिहू शकतो ते त्या नोंदीमुळेच. सातपुड्याच्या पायथ्याशी पहिलं पाणी अजून सोडायचं आहे. ते सोडण्याआधीचे चार-पाच उन्हाळे मोजायला मिळतील, आणि एकदा कालवा वाहू लागला की तो आधीचा आकडा पुन्हा कुठल्याही विहिरीत सापडणार नाही.